न म्हणायच्या दोन ओळी

"मर्टल, तू इकडं काय करतेयस?"

अंधारात कुणीतरी अगदी कानाशी कुजबुजलं. मर्टल पेनरोझ हातात चंदेरी छडी घेऊन, पाठीवर तारांचे पंख बांधून विंगेत उभी होती आणि आपल्या प्रवेशाच्या संगीताची वाट पाहत होती. संगीत केव्हाच वाजून गेलं होतं. रंगमंचाच्या पार पलीकडच्या टोकाला प्रकाशाचा एक गोल पडला होता आणि त्या गोलात कुणीही नव्हतं. पेपरमिंट आणि लवंगतेलाचा वास आला तेव्हा कुठे तिच्या लक्षात आलं की शेजारी ऑसी ग्रिमशॉ उभा आहे. डोक्यावर शिंगं, तोंडाला हिरवा रंग. म्हणजे ही डावी विंग, दैत्याची.

"थांबा! दिवे लावा," स्टेज मॅनेजर जिल ओरडली.

दिवे लागले आणि सगळ्यांनी ते पाहिलं. परीराणी आणि दैत्य एकाच विंगेत, खांद्याला खांदा लावून उभे. नाताळच्या पॅन्टोत, म्हणजे पोरांसाठीच्या परीकथेच्या नाच-गाण्याच्या नाटकात, चांगल्यानं उजवीकडून यायचं आणि वाइटानं डावीकडून, हे इंग्लंडातल्या नटांना कुणी शिकवत नाही. जेवताना घास तोंडातच घालावा, इतकं ते अंगवळणी पडलेलं असतं. त्यातून ही मर्टल. दरवर्षी डिसेंबर आला की कुठल्या ना कुठल्या गावात परीराणी होणारी, आणि कुणी रंगपटात शीळ घातली तरी अपशकुन केला म्हणून त्याला फाडून खाणारी.

मर्टल हसली. "ऑसी बिचारा एकटाच कुढत उभा होता. म्हटलं, जरा सोबत करावी."

कुणी हसलं नाही. नाचणाऱ्या मुली एकमेकींकडे बघायला लागल्या. ऑसी दोन पावलं मागे सरकला होता.

"थट्टेवारी नेऊ नकोस," तो म्हणाला. "उद्घाटन शनिवारी आहे. मला घरी बायको आहे, धडकं अंग आहे, ते तसंच राहू दे. जा, बाहेर जाऊन ये."

अपशकुन उतरवायला बाहेर जाऊन येणं म्हणजे काय, हे तिला सांगायला नको होतं. तिनंच आजवर कितीजणांना बाहेर पिटाळलं होतं. मागच्या दारानं गल्लीत जायचं, स्वतःभोवती तीन गिरक्या घ्यायच्या, थुंकायचं, एक सणसणीत शिवी हासडायची, मग दार वाजवून आत येण्याची परवानगी मागायची.

ती पंखांसकट गल्लीत गेली. समुद्र थिएटरच्या मागच्या भिंतीपर्यंत आलेला होता आणि आत कुणीतरी जड सामान ढकलत असावं तसा धप्प धप्प आवाज येत होता. तिनं एक गिरकी घेतली, दुसरी घेतली, तिसरी घेऊन थांबली आणि बघते तर समोर तीन दारं. सगळी एकाच काळपट रंगाची. यातलं आपलं कुठलं? आणि हे गाव तरी कुठलं? ब्राइटन म्हणावं तर ब्राइटनला समुद्र असा मागून येत नाही. मग हल बंदर? नाही, हलला रंगपटातल्या एडनाचा भाऊ भेटायला येतो. ती थंडीत छडी धरून नुसती उभी राहिली. भीती म्हणतात ती हीच, आणि ती तिला नवी नव्हती. उन्हाळ्यापासून ती तिच्या घरीच राहायला आल्यासारखी होती.

एका दाराशेजारी पोस्टर होतं. त्यावर शिंगवाला ऑसी, आणि खाली बारक्या अक्षरांत तिचं नाव. स्कारबरो. हां, स्कारबरो. तिनं ते दार वाजवलं.

"कोण आहे?" आतून जिलनं रिवाजाप्रमाणे विचारलं.

"मर्टल पेनरोझ. आत येऊ का?"

"या," जिल म्हणाली. मर्टलला मात्र शिवी द्यायची राहिली हे आत आल्यावर आठवलं, आणि तिनं ते कुणाला सांगितलं नाही.

* * *

मर्टलचा जन्मच मुळी या धंद्यातला. आई, लिल, कोरसमध्ये नाचायची. वडील कोण ते लिललाही नक्की ठाऊक नसावं. चौदाव्या वर्षी मर्टल आईच्याच रांगेत उभी राहिली, आणि त्याच वर्षी लीड्सला एका संध्याकाळी तिची आई दुसऱ्याच कुणाच्या तरी गाण्यात रंगमंचावर चालत आली. हसऱ्या तोंडानं, हात पसरून. गाणारी बाई थबकली, वाद्यं अडखळली, आणि शेवटी दोन कामगार टोप्या घालून आत आले आणि भरल्या थिएटरसमोर लिलला दंडाला धरून घेऊन गेले. लोक हसले, त्यांना तो विनोद वाटला. रांगेत उभ्या असलेल्या मर्टलनं हसू ढळू दिलं नाही, पाय उचलायचे तेव्हा उचलले. पुढे लिल सहा वर्षं इस्पितळाच्या लांबलचक खोलीत रात्रीचा झगा घालून दाराशी उभी असायची. "माझी वेळ झाली का गं?" असं जाणाऱ्यायेणाऱ्या नर्सला विचारायची.

त्यानंतर मर्टलनं खूप केलं. युद्धात सैनिकांपुढे ट्रकच्या मागच्या फळीवर उभं राहून गायली. लंडनला एका संगीत नाटकात नायिका झाली. वर्तमानपत्रांनी "आवाजात ऊन आहे" असं लिहिलं. ते नाटक बरं चाललं होतं, पण शेजारच्या थिएटरात अमेरिकेहून आलेलं, दणदणीत वाद्यवृंदाचं नाटक लागलं आणि इकडची गर्दी तिकडे गेली. मग दुय्यम भूमिका, दौरे, थंडगार भाड्याच्या खोल्या, एक नवरा, एक घटस्फोट, साबणाच्या जाहिरातीतली आजी. तक्रार अशी नव्हती. लोक तिला विसरले होते, पण तिनं लोकांना विसरावं, हे काही ठरलेलं नव्हतं.

गाणी मात्र टिकून होती. चाल सुरू झाली की शब्द तिच्या मागे आपसूक येत. म्हणून तिनं युक्ती काढली होती: परीराणीचे सगळे संवाद कुठल्या ना कुठल्या चालीत बसवायचे. मनात चाल, तोंडात संवाद. तालमीत दिग्दर्शक म्हणाला, "काय लय आहे हो तुमच्या बोलण्यात!" आणि ती मान झुकवून हसली.

घोडं अडलं होतं ते शेवटच्या दोन ओळींवर. पॅन्टोचा शेवट परीराणी करते, दोन यमकांच्या ओळी म्हणून, आणि त्या ओळी पहिल्या प्रयोगाआधी उच्चारायच्या नसतात. प्रेक्षकांविना नाटक पुरं झालं तर ते तिथेच मेलं, असं मानतात. तालमीत त्या जागी नुसतं "आणि मग हे, आणि मग ते" म्हणून मोकळं व्हायचं. मर्टलला त्या ओळी वाचता येत होत्या, पण म्हणून बघता येत नव्हत्या, आणि म्हटल्याशिवाय त्या तिच्या डोक्यात ठरत नव्हत्या. सकाळी घट्ट बसवाव्यात आणि दुपारी बघावं तर जागा रिकामी.

"एडना, दार लावून घे," त्या संध्याकाळी ती रंगपटात म्हणाली. "मी तुला एक म्हणून दाखवते. हळूच."

एडना ब्लेकी तिचे कपडे सांभाळायची. केस पांढरे, तोंडात टाचण्या, आणि तीस वर्षांच्या सहवासानं आलेला फटकळपणा. तिनं टाचण्या हातात काढल्या.

"काय म्हणून दाखवतेस?"

"शेवटचं."

"शुद्धीवर आहेस का? बासष्ट साली त्या पोरीनं बाथरूममध्ये म्हटल्या तर तू तिला रडेपर्यंत झापलंस. आणि आज तूच? आजच्या दिवशी? मी नाही ऐकणार, जा. कानात बोटं घालीन."

"बरं बाई, राहिलं."

"शिवी दिलीस का बाहेर नीट?"

"चांगली दोन दिल्या," मर्टल म्हणाली. एडना तिच्याकडे आरशातून बघत राहिली, जरा जास्तच वेळ.

* * *

मग एकेक व्हायला लागलं. वरचा एक दिवा फुटून काचा रंगमंचावर पडल्या. लहान नर्तकींपैकी दोघींना कांजिण्या झाल्या. तंतुवाद्यवाला जिन्यावरून घसरला. असल्या गोष्टी कुठल्या थिएटरात होत नाहीत? पण आता प्रत्येक गोष्टीला कारण मिळालं होतं, आणि ते कारण चहाच्या वेळेला कपात साखर ढवळत कोपऱ्यात बसलेलं असायचं. मुली तिच्या शेजारची खुर्ची सोडून बसू लागल्या. वेळ पडल्यास तिच्या बदली उभी राहायला तिची भूमिका पाठ करणारी शेरिल, एरवी मागे मागे असणारी गोड पोर, ती सुद्धा छडी तिच्या हातून थेट घेईना. टेबलावर ठेवा म्हणाली.

मर्टलनं सगळं सोसलं. खरं सांगायचं तर तिला त्यात आसराच मिळाला होता. अपशकुनी म्हणाले तर म्हणोत. अपशकुनी बाईला निदान कामावरून काढत नाहीत.

शुक्रवारी रंगीत तालीम होती. पहिल्या अंकाच्या शेवटी तिचं गाणं, मग मिट्ट काळोख, तिनं उजवीकडे निघून जायचं, आणि डावीकडच्या जमिनीतल्या झाकणातून दैत्य उसळून वर यायचा. खाली घंटा वाजली की चार माणसं दोर ओढत, वजनं सुटत, आणि ऑसी बंदुकीतून सुटल्यासारखा वर येई. झाकणाच्या पाकळ्या डोक्याच्या धक्क्यानं उघडत. वर कुणी उभं असेल तर मात्र त्या उघडायच्या नाहीत.

गाणं सुरेख झालं. शेवटचा सूर तिनं असा काही लावला की वाद्यवाले सुद्धा बघत राहिले. काळोख झाला. मर्टल वळली आणि चालायला लागली. पाच-सहा पावलांनंतर पायाखालची फळी जराशी हलली, तेव्हा ती थांबली. खालून घंटेचा बारीक आवाज आला. कुणाची घंटा, कशाची, ते तिला कळेना.

"धरा! दोर धरा!" जिल किंचाळली. तिला काळोखात पंखांवरच्या टिकल्या चमकताना दिसल्या होत्या.

खालून काहीतरी फळीवर आदळलं. मर्टलच्या तळव्यांना तो धक्का बसला. मग दोरांचा करकराट, माणसांच्या शिव्या, आणि दिवे.

ऑसी जिन्यानं वर आला. त्याच्या हातात त्याचं एक शिंग होतं, मोडलेलं. दोर आणखी हातभर सुटला असता तर शिंगावर भागलं नसतं, हे तिथल्या सगळ्यांना कळत होतं.  बाहेर समुद्र भिंतीवर आपटत होता.

"दिशा चुकली," मर्टल म्हणाली. "काळोखात चुकली. माफ कर, ऑसी."

ऑसी तिच्या अगदी जवळ आला. हिरव्या रंगाखाली त्याचा चेहरा पांढरा पडला असणार. तिला वाटलं, आता हा सर्वांदेखत वाट्टेल ते बोलणार. पण तो हळू आवाजात म्हणाला, "मर्टल, खरं सांग. आपण कुठं उभे आहोत ते तुला ठाऊक होतं का?"

"होतं की," ती म्हणाली.

तो वळला आणि शिंग घेऊन निघून गेला.

रंगपटात एडनानं दाराला कडी लावली आणि दाराला पाठ टेकून उभी राहिली.

"आता तू सांगतेस की मी सांगू?"

"काय?"

"वेड पांघरू नकोस माझ्यापुढं. गेल्या महिन्यात मला दोनदा लिल म्हणून हाक मारलीस. मी म्हटलं, थकली असेल. शकुन-अपशकुन म्हणत मीच डोळ्यांवर कातडं ओढून घेतलं, मूर्खासारखं. पण आज त्याची मान मोडली असती, मर्टल!"

मर्टल खुर्चीत बसली. तिनं पंखही काढले नव्हते, त्यामुळे तिला टेकता येईना. ती आपल्या हातांकडे पाहत रडली. मोठ्यानं नाही, पण लपवूनही नाही.

"एक प्रयोग दे मला," ती म्हणाली. "उद्या दुपारचा. एकच. आईला धरून नेलं गं त्यांनी. माझ्या डोळ्यांदेखत. मला असं जायचं नाही. मला पुरतं काम करायचं, शेवटच्या ओळी म्हणायच्या, आणि माझ्या पायांनी बाहेर यायचं. मग मीच सांगेन जिलला. तुझी शप्पथ."

एडनानं डोळे पुसले आणि बाहेर जाऊन जिलला सांगितलं की बाईंना काळोखात दिसत नाही, वय झालं, त्या जागी निळा दिवा राहू द्या. मोडलेलं शिंग पाहिल्यावर जिलनं एका शब्दानं वाद घातला नाही. दिवा राहील, आणि परीराणी विंगेत पोचल्याचं एडनानं हात वर करून दाखवल्याशिवाय खालची घंटा वाजणार नाही, असं ठरलं.

* * *

शनिवारी दुपारी थिएटर खचाखच भरलं. पोरांच्या गलक्यानं छत खाली येतंय की काय असं वाटत होतं. उजव्या विंगेत एडना पांढरा टॉवेल दोन्ही हातांत धरून उभी होती. "हे पांढरं दिसेल तिकडं यायचं. दुसरीकडं बघायचंच नाही," एवढंच तिनं सांगितलं होतं.

आणि मर्टलनं काम केलं. काय काम केलं म्हणून सांगावं! एक शब्द चुकला नाही, एक पाऊल नाही. निळ्या उजेडात ती टॉवेलकडे सरळ चालत आली, आणि पलीकडे ऑसी उसळून वर आला तेव्हा पोरांनी त्याला अशी काही हुर्यो केली की विंगेतल्या मुली पहिल्यांदाच मोकळेपणी हसल्या. आठवडाभराचं मळभ सगळ्यांच्या मनावरून उतरलं. फक्त एडना टॉवेल घट्ट धरून होती.

शेवट आला. सगळी मंडळी अर्धवर्तुळात उभी राहिली, उजवीकडे चांगले, डावीकडे हरलेला दैत्य आणि त्याचे चेले. मर्टल पुढे आली. थिएटर शांत झालं. तिनं छडी उंच केली, श्वास घेतला, आणि आजवर कुणीच न ऐकलेल्या ओळी तिच्या तोंडून स्वच्छ, टपोऱ्या निघाल्या:

"रात सरली, दैत्य हरला, उरली नाही भीती;
जाता जाता घरी न्या सारे मूठभर आमची प्रीती!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. एडनानं डोळे मिटून देवाचे आभार मानले. मर्टल टाळ्या ओसरेपर्यंत थांबली. तिच्या चेहऱ्यावर सुरेख हसू होतं. टाळ्या ओसरल्या तशी तिनं छडी उंच केली, श्वास घेतला आणि म्हणाली,

"रात सरली, दैत्य हरला, उरली नाही भीती..."

तोच सूर, तोच हात. आधी म्हटल्याची पुसट खूणही तिच्या चेहऱ्यावर नव्हती. लोकांना वाटलं गंमत आहे, ते हसले, पुन्हा टाळ्या वाजवल्या. पडद्याचा माणूस दोरावर हात ठेवून जिलकडे बघायला लागला.  आणि मर्टलनं तिसऱ्यांदा छडी उचलली.

तेवढ्यात ऑसी निघाला. मोडलेलं शिंग घट्ट चिकटवलेला, हिरवा ऑसी डावीकडून निघाला आणि सगळ्या रंगमंचावरून, राजपुत्राच्या आणि नवरीच्या समोरून, सरळ उजवीकडे गेला. दैत्यानं कधी जायचं नसतं तिथे. पोरं आरडाओरडा करायला लागली. तो मर्टलपुढे गुडघा टेकून बसला, डोकं खाली घातलं, तिचा हात आपल्या हातात घेतला आणि त्या हाताचं चुंबन घेतलं. मग उठला आणि मोठ्या मानानं, एखाद्या राणीला न्यावं तसं तिला घेऊन विंगेकडे चालायला लागला. सगळं थिएटर उभं राहिलं. पडदा पडला.

टॉवेल खाली ठेवून एडनानं तिला घेतलं. ऑसीनं मर्टलचा हात सोडला नाही लगेच. तो हात थोपटून मग गेला.

सातचा दुसरा प्रयोग होता. रंगपटात चहा आला, डुकराचं मांस भरलेली गार पेस्ट्री आली. मर्टलनं मुकुट काढला, एडनानं पंखांचे बंद सोडले. बाहेर मुलींची धावपळ, हसणं, कुणीतरी अगदी निर्धास्तपणे गुणगुणत होतं. मर्टलनं तोंडाला कोल्ड क्रीम लावलं आणि हात थांबला.

"एडना, म्हटल्या का गं मी ओळी?"

"म्हटल्यास. झकास."

"लोक हसले."

"हो."

आरशातलं तोंड अर्धं परीराणीचं, अर्धं म्हातारीचं होतं. ते एडनाकडे बघत होतं.

"एकदाच म्हटल्या ना?"

एडनाला खोटं बोलता आलं असतं. तिच्या ओठांवर ते आलंही होतं. पण तीस वर्षांत तिनं या बाईला, कपडा ढिला झालाय की घट्ट, हे कधी खोटं सांगितलं नव्हतं.

"दोनदा," ती म्हणाली. "तिसऱ्यांदा सुरू करणार होतीस, तेव्हा ऑसी आला."

मर्टलनं मान हलवली. गालावरचा उरलेला रंग तिनं हळूहळू, नीट पुसला. मग उठली, केस बांधले आणि स्वतः दार उघडून जिलला हाक मारली. दारातच उभं राहून दोन वाक्यांत सांगितलं, विस्मरणाच्या आजारासकट. जिल रडायला लागली तेव्हा तिलाच म्हणाली, "रडतेस काय, वेळ किती राहिलाय? शेरिलला पाठव इकडं."

शेरिल धावत आली. मर्टलनं आपला चंदेरी झगा तिच्या डोक्यावरून घातला. पोर बारीक, कमरेत चार बोटं जागा. एडना तिच्यापुढे गुडघ्यांवर बसली आणि चिमटा घेऊन कापड दुमडायला लागली. मर्टल शेजारी स्टूल ओढून बसली, टाचण्यांची डबी मांडीवर घेतली, आणि एडनाचा हात मागे आला की त्यात एकेक टाचणी देत राहिली.

"ताठ उभी राहा गं," ती शेरिलला म्हणाली. "टोचेल."